छावणीचा खेळ आणि मेट्रोपोल हॉटेलातला गोलकीपर

१९ ऑक्टोबर १९५५, बुधवार. उत्तर डब्लिनमधल्या डॅलिमाउंट पार्कवर आयर्लंड विरुद्ध युगोस्लाव्हिया असा फुटबॉलचा मैत्रीपूर्ण सामना होता. पाहुण्यांनी तो ४-१ असा आरामात जिंकला. सामना कुणी फारसा आठवत नाही. त्या दिवशी मैदानाकडे कोण फिरकलं नाही, ते मात्र लोकांच्या लक्षात राहिलं. राष्ट्राध्यक्ष शॉन टी. ओ'केली येणार होते, आले नाहीत. लष्कराचा बँड ऐन वेळी काढून घेतला गेला. रेडिओचे समालोचक फिलिप ग्रीन यांनी माइकपुढे बसायला नकार दिला, त्यामुळे सामना रेडिओवर ऐकू आलाच नाही. आयरिश संघाच्या मालिशवाल्यानंही अंग काढून घेतलं.

कारण एकच. डब्लिनचे आर्चबिशप जॉन चार्ल्स मॅक्क्वेड यांना हा सामना नको होता. युगोस्लाव्हियात टिटोचं कम्युनिस्ट राज्य होतं आणि तिथल्या सरकारनं आर्चबिशप स्टेपिनाच यांना १९४६ साली तुरुंगात घातलं होतं. अशा देशाच्या संघाशी कॅथलिक आयर्लंडनं हस्तांदोलन करायचं का, असा सवाल होता. पन्नाशीच्या दशकातल्या आयर्लंडमध्ये आर्चबिशपांची नापसंती म्हणजे काय चीज होती, ते आज सांगून पटायचं नाही. मंत्री उठून उभे राहायचे.

तरीही सुमारे २२ हजार लोक आले. आणि फुटबॉल संघटनेचे अध्यक्ष म्हणून एक ६९ वर्षांचे गृहस्थ मैदानात उतरले, दोन्ही संघांना भेटले. प्रेक्षकांनी त्यांच्यासाठी टाळ्यांचा कडकडाट केला. त्यांचं नाव ऑस्कर ट्रेनॉर. (उच्चार खरं तर 'ट्रेनर'च्या जवळ जातो, पण फुटबॉलच्या लेखात ट्रेनर लिहिलं की माणूस संघाचा मालिशवाला वाटेल.)

गंमत अशी, की घरी बसलेले ओ'केली आणि मैदानात उतरलेले ट्रेनॉर हे दोघेही १९१६ च्या, ब्रिटिश राजवटीविरुद्धच्या ईस्टरच्या उठावातले. एक डब्लिनच्या मुख्य टपाल कचेरीत, दुसरा तिच्या शेजारच्या हॉटेलात. दोघे एकाच पक्षाचे, एकाच मंत्रिमंडळात बसलेले. मग एकाला जे जमलं नाही ते दुसऱ्याला कसं जमलं? मला उत्तर ट्रेनॉरच्या तरुणपणात दिसतं. तो आधी फुटबॉलचा गोलकीपर होता आणि मग सैनिक झाला. हा क्रम महत्त्वाचा आहे.

जुळारी, गोलकीपर

ऑस्करचा जन्म २१ मार्च १८८६ चा, डब्लिनच्या ऐन मध्यवस्तीतला. वडील पुस्तकविक्रेते, घर राष्ट्रवादी विचारांचं. शाळा ख्रिश्चन ब्रदर्सची. वयाच्या तेराव्या वर्षाच्या सुमाराला लाकडावर नक्षी कोरणाऱ्या कारागिराकडे उमेदवारीला लागला, पुढे छापखान्यात जुळारी झाला. शिशाचे खिळे उलटे वाचत ओळी जुळवायच्या, हे त्याचं पोटापाण्याचं काम. उरलेला वेळ फुटबॉलचा.

फुटबॉल म्हणजे कुठला, हा आयर्लंडमध्ये पहिला प्रश्न. तिथे गेलिक फुटबॉल हा वेगळा, देशी खेळ आहे. त्यात चेंडू हातातही घेता येतो आणि संघ पंधरा जणांचा असतो. तो चालवणारी गेलिक अ‍ॅथलेटिक असोसिएशन १८८४ साली निघाली. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला तिनं नियम घट्ट केला: सॉकर, रग्बी, हॉकी, क्रिकेट हे 'परके' खेळ, ते खेळणारा आमचा सभासद नाही. पुढे तर असे सामने नुसते बघणंही गुन्हा ठरलं आणि कोण कुठल्या मैदानावर दिसलं यावर पाळत ठेवणाऱ्या समित्या नेमल्या गेल्या. हा नियम थेट १९७१ पर्यंत टिकला. आपल्याकडे हुतूतू-खोखो-मल्लखांबाचे कडवे अभिमानी कमी नव्हते, पण क्रिकेटचा सामना पाहिला म्हणून कुणाला हुतूतूच्या संघातून काढल्याचं मी तरी ऐकलेलं नाही.

सॉकरला त्यांनी ठेवलेलं नाव होतं 'गॅरिसन गेम', छावणीचा खेळ. इंग्रज पलटणी जिथे तळ ठोकतील तिथे हा खेळ रुजतो, म्हणून. आरोप सगळा खोटा नव्हता. मुंबईतल्या रोव्हर्स कपचं उदाहरण घ्या: १८९१ साली तो पहिल्यांदा खेळला गेला आणि जिंकली ती वूस्टर रेजिमेंट. सुरुवातीची कित्येक वर्षं त्या चषकावर गोऱ्या पलटणींचीच नावं आहेत. डब्लिन हीसुद्धा साम्राज्याची एक मोठी छावणीच होती. फक्त एक गोष्ट छावणीचा शिक्का मारणाऱ्यांच्या नजरेतून सुटली. डब्लिन आणि बेलफास्टच्या गल्ल्यांतल्या कामगारांच्या पोरांनी हा खेळ कधीच आपला करून टाकला होता. गेलिकला मोठं मैदान लागतं. सॉकरला गल्ली पुरते.

ट्रेनॉर डब्लिनच्या लहान क्लबांतून खेळत खेळत बेलफास्ट सेल्टिकपर्यंत पोचला. १९१० ते १९१२ ही त्याची तिथली वर्षं. हा क्लब १८९१ चा, फॉल्स रोडवरच्या कॅथलिक वस्तीतला, ग्लासगोच्या सेल्टिकवरून नाव घेतलेला. या क्लबाबरोबर तो युरोपच्या दौऱ्यावरही गेला. ऑस्ट्रिया-हंगेरीच्या साम्राज्यातल्या प्रागला बेलफास्ट सेल्टिकनं १९१२ साली भेट दिली. एका आयरिश क्लबानं समुद्र ओलांडून तिकडे खेळायला जाणं तेव्हा अप्रूपाचंच होतं.

बेलफास्टमध्ये फुटबॉल आणि राजकारण यांच्यात भिंत नव्हती, पडदाही नव्हता. १४ सप्टेंबर १९१२ ला सेल्टिकच्या मैदानावर लिनफिल्डविरुद्धच्या सामन्यात मध्यंतरालाच दंगल पेटली. दगड, चाकू आणि पिस्तुलाच्या गोळ्या. साठेक माणसं जखमी झाली. दोनच आठवड्यांनी अल्स्टरच्या लाखो प्रोटेस्टंटांनी स्वराज्याला विरोध करणाऱ्या शपथपत्रावर सह्या केल्या. इतका खुला इशारा क्वचितच मिळतो.

मैदान सुटतं

२६ जुलै १९१४ ला डब्लिनजवळच्या हाउथ बंदरात आयरिश स्वयंसेवकांनी, म्हणजे स्वराज्यासाठी उभारलेल्या राष्ट्रवादी दलानं, बंदुका उतरवून घेतल्या. त्या जप्त करायला निघालेली स्कॉटिश पलटण हात हलवत परतत होती. लोकांनी वाटेत टर उडवली, दगड मारले. लिफी नदीकाठच्या बॅचलर्स वॉकवर सैनिकांनी जमावावर गोळ्या चालवल्या. तिघे जण जागच्या जागी गेले. ट्रेनॉरनं पुढे सांगितलंय की तोपर्यंत आपण फुटबॉलमध्ये होतो, आणि काहीतरी गंभीर येऊ घातलंय हे दिसल्यावर फुटबॉल सोडलं. एवढंच. त्याच्या सांगण्यात कुठे कळवळा नाही, हातमोजे खुंटीला टांगल्याचं चित्र नाही.

त्याच्या चरित्रातली ही जागा पुष्कळांनी गुळगुळीत केली आहे: खेळाडूचा देशभक्त झाला, छान. मला ती तशी वाटत नाही. तो तेव्हा २८ वर्षांचा होता. गोलकीपरची ती ऐन उमेदीची वर्षं. आणि ज्या संघटनेत तो शिरला तिथे आजूबाजूला गेलिकवाले होते, म्हणजे त्याच्या खेळाला देशद्रोहाचा धाकटा भाऊ समजणारे. त्यानं खेळ सोडला, पण त्यातलं एकही विशेषण मान्य केलं नाही. हे पुढे १९२८ साली कळलं, तेव्हा सांगतोच.

ईस्टरचा उठाव सोमवारी, २४ एप्रिल १९१६ ला सुरू झाला. ट्रेनॉरची तुकडी आधी शहराच्या ईशान्येला फेअरव्ह्यूच्या बाजूला होती. मंगळवारी तिला टपाल कचेरीकडे बोलावणं आलं. बरोबर खाकी गणवेशातले काही कैदी होते. सॅकव्हिल स्ट्रीटवर (आजचा ओ'कॉनेल स्ट्रीट) शिरताच समोरच्या इंपिरियल हॉटेलातून त्यांच्यावर गोळीबार झाला. गोळ्या त्यांच्याच माणसांच्या होत्या. खाकी दिसली, चालव बंदूक. उठावाचा एक नेता जेम्स कॉनोली यानं रस्त्यात धावत येऊन तो थांबवला.

ट्रेनॉरकडे मेट्रोपोल हॉटेलची रांग आली. टपाल कचेरीला लागून, मध्ये फक्त एक बोळ. रांगेचं एक टोक त्या बोळाला, दुसरं टोक अ‍ॅबी स्ट्रीटच्या कोपऱ्यावर. म्हणजे ज्या भागात तो लहानाचा मोठा झाला त्याच भागाच्या खिडक्यांत गाद्या आणि फर्निचर कोंबून तो बसला होता. रस्त्यावरून जाणं शक्य नव्हतं, म्हणून त्यांनी घराघरांमधल्या भिंती आतून फोडल्या आणि भगदाडातून एका दुकानातून दुसऱ्यात, दुसऱ्यातून हॉटेलात अशी वाट केली.

आठवड्याच्या उत्तरार्धात तोफांनी समोरची बाजू पेटवली. क्लेरीजचं कापडचोपडाचं प्रचंड दुकान ट्रेनॉरच्या खिडकीतून समोर दिसत होतं. त्याच्या दर्शनी काचा म्हणजे पुरुषभर उंचीची जाड तावदानं. त्यानं सांगितलंय, की त्या काचा फुटल्या नाहीत. उष्णतेनं वितळल्या आणि पातळ होऊन रस्त्याकडेच्या गटारात वाहत गेल्या. आठवड्यापूर्वी डब्लिनच्या बायाबापड्या ज्या काचेला नाक लावून टोप्या बघत होत्या, तिचा हा ओघळ.

शनिवारी शरणागती. आठवडाभरात ४८५ माणसं मेली. त्यांतली निम्म्याहून अधिक सामान्य नागरिक होती, ज्यांना कुणी काही विचारलं नव्हतं. ट्रेनॉरची रवानगी इंग्लंडमधल्या नट्सफर्डच्या तुरुंगात आणि तिथून वेल्समधल्या फ्रॉन्गॉखच्या छावणीत झाली. ती एक जुनी दारूभट्टी होती, आधी जर्मन युद्धकैदी ठेवलेली. तिथे १,८०० च्या आसपास आयरिश कैदी कोंबले होते. आवारातल्या मैदानाला त्यांनी डब्लिनच्या गेलिक मैदानाचं नाव दिलं, क्रोक पार्क, आणि तिथे गेलिक फुटबॉलच्या स्पर्धा भरवल्या. एका जुन्या सॉकर गोलकीपरचं तिथे काय झालं असेल, हा विचार माझ्या मनातून जात नाही.

पाकीट

१९१६ च्या अखेरीला सुटका, मग पुन्हा तेच काम, आता गुप्तपणे. स्वयंसेवकांच्या डब्लिन ब्रिगेडचा प्रमुख डिक मॅकी होता. तोही पेशानं छापखान्यातलाच. २१ नोव्हेंबर १९२० ला सकाळी ब्रिगेडच्या माणसांनी ब्रिटिश गुप्तहेर अधिकाऱ्यांना त्यांच्या खोल्यांत घुसून मारलं. दुपारी ब्रिटिश दलांनी क्रोक पार्कवर गेलिकचा सामना चालू असताना गर्दीवर गोळ्या झाडल्या. चौदा जण गेले, त्यांत टिपररीच्या संघाचा मायकेल होगन हा खेळाडूही होता. आदल्या रात्री पकडलेल्या मॅकीला डब्लिन कासलच्या कोठडीत ठार मारण्यात आलं. त्याच्या जागी ऑस्कर ट्रेनॉर आला. देशी खेळाच्या मैदानावर रक्त सांडलं त्याच दिवशी रिकाम्या झालेल्या जागेवर 'परक्या' खेळाचा माणूस बसला. या योगायोगातून मी काही सिद्ध करत नाही, पण डब्लिनच्या शिपायांनी त्याला फुटबॉलवरून काही विचारल्याचं कुठे वाचलेलं नाही.

१९२१ च्या सुरुवातीला चळवळीचे पुढारी एमन डी व्हॅलेरा यांनी नेत्यांची बैठक घेतली. अमेरिकेहून नुकतेच परतले होते. गल्लीबोळातल्या छाप्यांनी परदेशातल्या वर्तमानपत्रांत मथळे होत नाहीत, राजधानीत काहीतरी दणदणीत व्हायला हवं, असा त्यांचा सूर. दोन पर्याय पुढे आले. एक, बेगर्स बुश बराकी ताब्यात घ्यायच्या, जिथे ब्रिटिशांच्या ऑक्झिलरी दलाचा मुक्काम होता. दोन, कस्टम हाउस जाळायचं. ट्रेनॉरनं दोन्हींचा अभ्यास करायचा होता. बराकींचा विचार काही दिवसांत बाजूला पडला; आत शिरणंच अशक्य.

कस्टम हाउस ही लिफीच्या काठावरची देखणी इमारत, १७९१ मध्ये पुरी झालेली, माथ्यावर घुमट. आत स्थानिक कारभाराचं आणि करवसुलीचं दप्तर. ट्रेनॉर तिथे पाहणीला स्वतः गेला. काखोटीला एक भलंमोठं पाकीट, त्यावर 'ओएचएमएस' ही अक्षरं: बादशहांच्या सेवेत. बस्स. हातात सरकारी पाकीट असलेल्या माणसाला सरकारी कचेरीत कुणी अडवत नाही, हे आपल्या जिल्हा कचेरीत कधी गेलेल्या कुणालाही माहीत असेल. तो जिने चढला, व्हरांडे हिंडला, दारं कुठे उघडतात ते बघितलं, खिडक्या मोजल्या, आणि बाहेर आला.

२५ मे १९२१ ला दुपारी शंभरावर माणसं वेगवेगळ्या दारांनी आत शिरली. रॉकेलचे डबे आले. कर्मचाऱ्यांना एका जागी गोळा केलं गेलं, कपाटं उघडून कागद ओतले गेले, आग लागली. पण ऑक्झिलरींच्या गाड्याही येऊन पोचल्या. ट्रेनॉर बाहेर रस्त्यावर उभा होता. एक लॉरी जवळ येऊन थांबली. अधिकारी पिस्तूल रोखून विचारतोय, इथे काय करतोस? तेवढ्यात डॅन हेड नावाच्या एका पोरसवदा स्वयंसेवकानं लॉरीत बॉम्ब फेकला. त्या धांदलीत ट्रेनॉर निसटला. डॅन हेड निसटला नाही.

त्या दिवशी पाच स्वयंसेवक मेले, काही नागरिक मेले, आणि आत अडकलेली बहुतेक माणसं पकडली गेली. कस्टम हाउस पुढे कित्येक दिवस जळत होतं. जाहिरात म्हणून कामगिरी फत्ते. जगभर फोटो छापले गेले. लष्करी हिशेबात मात्र डब्लिनच्या सगळ्यात कसलेल्या तुकड्या एका दुपारी हातच्या गेल्या. ११ जुलैला युद्धविराम झाला म्हणून हा हिशेब कुणाला चुकता करावा लागला नाही. ट्रेनॉर शेवटपर्यंत ही कारवाई युद्धविरामाला कारण ठरली असंच मानत. मला तो बचाव अर्धाच पटतो. युद्धविराम आठ-दहा महिने लांबला असता तर डब्लिन ब्रिगेडकडे लढायला माणसं कुठून येणार होती?

तोच रस्ता, दुसऱ्यांदा

ब्रिटिशांशी झालेल्या, अर्धवट स्वातंत्र्य देणाऱ्या करारावरून आयरिश सैन्य फुटलं. ट्रेनॉर करारविरोधी. करारविरोधकांनी फोर कोर्ट्स ही न्यायालयाची इमारत बळकावली होती. २८ जून १९२२ ला पहाटे नव्या फ्री स्टेट सरकारनं, म्हणजे करार मान्य असलेल्यांनी, ब्रिटिशांकडून उसन्या घेतलेल्या तोफा तिच्यावर रोखल्या. तोफांची बाजू सांभाळत होता एमेट डाल्टन. त्याच्याबद्दल दोन ओळी लिहायलाच हव्यात: १८९८ चा जन्म, सोमच्या लढाईत जिंशी इथे ब्रिटिश गणवेशात मिलिटरी क्रॉस मिळवलेला, नंतर आयरिश सैन्यात आलेला. आणि डब्लिनच्या बोहेमियन्स क्लबाचा फुटबॉलपटू. म्हणजे नदीच्या एका बाजूला फुटबॉलवाला, दुसऱ्या बाजूलाही फुटबॉलवाला. 'छावणीच्या खेळा'नं दोन्ही छावण्यांना माणसं पुरवली होती.

ट्रेनॉरनं ओ'कॉनेल स्ट्रीटच्या पूर्वेकडची हॉटेलं धरली आणि सहा वर्षांपूर्वीचाच धडा गिरवला. भिंती फोडल्या, आतून वाट केली. फोर कोर्ट्सपर्यंत पोचता येत नव्हतं. ३० जूनला त्यानं आतल्यांना लेखी आदेश पाठवला: शरण या; तुमच्यापर्यंत लढत येणं माझ्या आवाक्याबाहेर आहे; जबाबदारी माझी. असा कागद लिहिणं बंदूक चालवण्यापेक्षा कठीण असतं. आतले लोक शरण आले. त्याच दिवशी झालेल्या स्फोटात तिथला सार्वजनिक दप्तरखाना उडाला. शतकांची कागदपत्रं राख होऊन डब्लिनवर उडत राहिली.

काही दिवसांनी ट्रेनॉर आणि डी व्हॅलेरा हॉटेलांतून निसटले. मागे थांबलेला करारविरोधी नेता कॅथल ब्रुहा गोळी लागून गेला. जुलैच्या अखेरीस ट्रेनॉरही पकडला गेला आणि उरलेलं यादवी युद्ध त्यानं कैदेत काढलं.

तो, ते

मराठीत गोलकीपर 'तो' असतो आणि मंत्री 'ते'. तेव्हा इथून पुढे 'ते'.

१९२५ च्या पोटनिवडणुकीत ते उत्तर डब्लिनमधून संसदेवर निवडून आले, पण ब्रिटिश राजाशी निष्ठेच्या शपथेला विरोध म्हणून जागेवर बसले नाहीत. १९३२ पासून डी व्हॅलेरांच्या फिआना फॉल पक्षाकडून पुन्हा निवडून येत राहिले. १९३६ ला टपाल आणि तार खात्याचे मंत्री. ज्या टपाल कचेरीच्या बाजूला तोफा झेलल्या तिचेच धनी. १९३९ मध्ये महायुद्ध सुरू होताच संरक्षणमंत्री. तटस्थ आयर्लंडचं सैन्य त्या काळात ४० हजारांच्या घरात गेलं. युद्ध संपल्यावर मात्र सरकारनं जो फतवा काढला, त्याची बाजू संसदेत ट्रेनॉरनी मांडली आणि ती मला आजही बोचते. आयरिश सैन्य सोडून ब्रिटिशांकडून हिटलरविरुद्ध लढायला गेलेल्या सुमारे ५ हजार जणांना सात वर्षं सरकारी नोकरी बंद, मागचा पगार-पेन्शन बुडीत. त्यांना माफी मिळायला २०१३ साल उजाडलं. पुढे १९५७ ते १९६१ ट्रेनॉर न्यायमंत्री होते आणि उत्तर आयर्लंडच्या सीमेवर लढणाऱ्या नव्या पिढीच्या आयआरएला (आयरिश रिपब्लिकन आर्मी, जुन्या स्वयंसेवकांचा वारसा सांगणारी सशस्त्र संघटना) विनाचौकशी स्थानबद्ध करण्याचं काम त्यांच्या खात्याकडे आलं. फ्रॉन्गॉखच्या जुन्या कैद्याकडे.

आता फुटबॉल. १९२१ मध्ये देशाच्या फाळणीपाठोपाठ फुटबॉलचीही फाळणी झाली होती. बेलफास्टची संघटना १८८० ची, तिच्यातून फुटून डब्लिनची वेगळी संघटना निघाली. स्वतंत्र देशात गेलिकवाल्यांचा वरचष्मा वाढला आणि सॉकर खेळणारे जरा दबूनच बोलत. १९२८ मध्ये ट्रेनॉरनी एका फुटबॉल साप्ताहिकात लिहून उलट बाजू घेतली: सॉकर हा इंग्रजी खेळ नाहीच, तो केल्टिक खेळ आहे, स्कॉटलंडच्या डोंगराळ भागातल्या लोकांनी वाढवलेला. इतिहास म्हणून हे जरा ताणलेलंच. पण म्हणणारा माणूस कोण होता ते बघा. एखाद्या बँकेच्या कारकुनानं हे लिहिलं असतं तर 'इंग्रजाळलेला' म्हणून त्याला गप्प केलं असतं. कस्टम हाउस जाळणाऱ्या ब्रिगेडिअरला कोण काय म्हणणार?

ही ढाल किती कामाची होती ते १९३८ मध्ये दिसलं. १३ नोव्हेंबरला डॅलिमाउंटवर आयर्लंड-पोलंड सामना झाला. आयर्लंडनं ३-२ असा जिंकला. नवे राष्ट्राध्यक्ष डग्लस हाइड हजर होते, बरोबर डी व्हॅलेरा आणि ट्रेनॉर. हाइड म्हणजे आयरिश भाषेच्या पुनरुज्जीवनाला आयुष्य वाहिलेले पंडित, गेलिक संघटनेचे आश्रयदाते. परका खेळ पाहिला म्हणून संघटनेनं त्यांचं आश्रयदातेपद काढून घेतलं. राष्ट्राध्यक्षाचं! (डी व्हॅलेरांना स्वतःला रग्बीचं वेड होतं, त्याबद्दल कुणी ब्र काढत नसे.)

१९४८ ला ट्रेनॉर डब्लिनच्या फुटबॉल संघटनेचे अध्यक्ष झाले आणि मरेपर्यंत राहिले. त्यांच्या कारकिर्दीच्या दुसऱ्याच वर्षी, २१ सप्टेंबर १९४९ ला, लिव्हरपूलच्या गुडिसन पार्कवर आयर्लंडनं इंग्लंडला २-० हरवलं. ब्रिटिश बेटांतल्या चार जुन्या संघटनांबाहेरच्या कुठल्याही संघानं इंग्लंडला त्यांच्या घरात हरवायची ती पहिली वेळ. छावणीचा खेळ छावणीवाल्यांवर उलटला, असं लिहायचा मोह मलाही होतो. त्याच सुमाराला दोन्ही आयर्लंड सगळ्या बेटातून खेळाडू निवडत असल्यामुळे विश्वचषकाच्या एकाच पात्रता फेरीत चार जण दोन्ही संघांकडून खेळले. फिफानं कान पिळल्यावर तो गोंधळ थांबला.

तर १९५५. युगोस्लाव्हियाला आधी एकदा, १९५२ मध्ये, आर्चबिशपांचा कल पाहून संघटनेनं नकार कळवला होता. या वेळी ठरलेला शब्द मोडायचा नाही असं ठरलं. ट्रेनॉर तेव्हा मंत्री नव्हते, त्यांचा पक्ष विरोधात होता. त्यामुळे सरकारी अडचणही नव्हती, हे प्रामाणिकपणे नोंदवायला हवं. ओ'केली राष्ट्राध्यक्ष होते, त्यांचं पाऊल म्हणजे राज्याचं पाऊल. पण मला वाटतं फरक आणखी जुना आहे. ओ'केलींना आपण कुणाच्या नापसंतीत बसतोय ही जाणीव नवी होती. ट्रेनॉर गेली ४० वर्षं, स्वतःच्याच सोबत्यांच्या नापसंतीतला खेळ बाळगून वावरले होते. त्यांना त्याची सवय होती.

१९४७ मध्ये, संरक्षणमंत्री असताना, त्यांच्याच खात्यानं ब्यूरो ऑफ मिलिटरी हिस्टरी नावाचं काम सुरू केलं. १९१३ ते १९२१ या काळात लढलेल्यांना बोलतं करून जबान्या लिहून घ्यायच्या. अशा १,७७३ जबान्या जमल्या, पोलादी कपाटांत बंद झाल्या आणि २००३ मध्ये लोकांसाठी खुल्या झाल्या. ज्या माणसानं कपाटं भरून कागद रॉकेलनं भिजवले त्याच्याच मंत्रिपदाच्या काळात हे दप्तर उभं राहिलं. ट्रेनॉरची स्वतःची जबानी ३४० क्रमांकाची. वितळलेली काच आणि काखोटीचं पाकीट हे सगळं आपल्याला त्यांच्याच तोंडून कळलंय. जुळवायला दुसरा साक्षीदार नेहमी नाही, हे वाचताना ध्यानात ठेवावं. त्या जबानीत फुटबॉलला सुरुवातीला जेमतेम जागा आहे.

ते डिसेंबर १९६३ मध्ये गेले. डब्लिनच्या कूलॉक भागात त्यांच्या नावाचा रस्ता आहे. आणि आयर्लंडमधल्या हौशी लीगच्या निवडक संघांमध्ये दर मोसमात एक स्पर्धा होते. तिच्यात खेळणारे आठवडाभर नोकऱ्या करतात आणि सुट्टीच्या दिवशी चिखलात उतरतात. तिचं नाव ऑस्कर ट्रेनॉर ट्रॉफी.